फ्रीजमधली चावी

शुक्रवारची दुपार होती. जेवण उरकून, दोह्यातल्या अबू हमूरच्या आमच्या घरात पडदे ओढून मी आडवी होण्याच्या बेतात होते, तेवढ्यात सनाचा फोन आला. सना म्हणजे खलीलभाईंची मुलगी. इथल्याच इंग्रजी शाळेत शिकलेली, आता नोकरीला लागलेली. मराठी तिला सगळी कळते, उत्तर मात्र कायम इंग्रजीत. त्या दिवशी ती पहिल्या शब्दापासून मराठीत बोलली, तिथेच मला काहीतरी खटकायला हवं होतं. "वैशाली आंटी, पप्पा गाडीची चावी कुठे ठेवतात? सगळीकडे बघितलं." मला हसूच आलं. म्हटलं, "फ्रीजमध्ये बघ." फोनमधून फ्रीजचं दार उघडल्याचा आवाज आला. मग ती म्हणाली, "मिळाली." आणि मग तिने सांगितलं, की जुम्म्याची नमाज आटोपल्यावर पप्पा मशिदीच्या अंगणातच कोसळले, शेजाऱ्यांनी आपल्या गाडीत घालून हॉस्पिटलात नेलं, पण उपयोग झाला नाही. आता आईला तिकडे न्यायचं होतं आणि पप्पांची गाडी चावीवाचून खाली उभी होती.

अशी बातमी ऐकल्यावर माणसाच्या मनात काय यावं याला काही धरबंध नसतो. माझ्या मनात पहिल्यांदा आलं ते असं, की चावी फ्रीजमध्ये आहे म्हणजे फ्रीज सकाळपासून बंद आहे, आणि दूध नासलं असणार.

हे नीट सांगायला हवं. खलीलभाई परकार माहितीपटांसाठी आवाज रेकॉर्ड करायचे. साउंड रेकॉर्डिस्ट. या धंद्यात फ्रीज हा मोठा वैरी. कोणाच्या घरात शूटिंग असलं की मागे त्याची घरघर चालूच राहते, म्हणून आधी तो बंद करायचा. पण निघताना पुन्हा चालू करायचं राहून गेलं, तर त्या बिचाऱ्या घरच्यांची मासळी, दूध, सगळ्याची वाट. त्यावर या लोकांनी शोधलेली युक्ती अशी, की फ्रीज बंद केला की आपल्या गाडीची चावी त्यात ठेवून द्यायची. चावीशिवाय घरी जाता येत नाही. चावी काढायला दार उघडलं की आतला दिवा लागत नाही, म्हणजे आठवण होतेच. खलीलभाई घरीदेखील हेच करायचे. त्या शुक्रवारी सकाळी ते बायकोच्या, म्हणजे फरीदाभाभींच्या, तांदळाच्या भाकऱ्या थापण्याचा आवाज रेकॉर्ड करत होते. कशासाठी, असं त्यांना विचारण्यात अर्थ नसायचा. मग नमाजेची वेळ झाली. मशीद चालत जाण्याइतकी जवळ, त्यामुळे चावीची गरजच पडली नाही.

मी मूळची बार्शीची. नवऱ्याच्या आयटीतल्या नोकरीमागून दोह्यात आले. दोन वर्षांत परत जायचं होतं, ते राहिलं. शहरातल्या मुशैरिब भागात माहितीपट बनवणाऱ्या एका छोट्या कंपनीत मी एडिटर म्हणून लागले, तेव्हा खलीलभाई तिथे आधीपासून होते. रत्नागिरीजवळच्या खाडीकाठच्या एका गावातून तरुणपणी इथे आलेले. आधी गोदामात कारकून, मग एका वाहिनीत केबल गुंडाळण्याचं काम, आणि मग एकदा कोणीतरी त्यांच्या कानाला हेडफोन लावले ते कायमचेच. ऑफिसमध्ये ते हिंदी आणि इंग्रजी बोलायचे, आणि तेही मोजून मापून. मला 'मॅडम' म्हणायचे. माझं मराठी ऐकून ते खूश होतील असं मला वाटलं होतं, तर पहिल्याच आठवड्यात आमचं भांडण झालं. भांडण मीच केलं, ते नुसते उभे होते.

झालं असं. कोणत्याही खोलीतलं शूटिंग संपलं, की खलीलभाई सगळ्यांना जागच्या जागी थांबवायचे, "यल्ला, चला, सगळे गप," म्हणायचे आणि त्या खोलीची नुसती शांतता रेकॉर्ड करायचे. याला रूम टोन म्हणतात. बोलण्याच्या दोन तुकड्यांमध्ये फट राहिली की एडिटर ती याने बुजवतो. त्या वेळात कोणी खोकलं, तर खलीलभाई त्याच्याकडे असं बघायचे, की पुढचा खोकला त्या माणसाने घरी जाऊनच खोकावा. मला हे सगळं थोतांड वाटायचं. मी त्यांना स्पष्ट सांगितलं, की शांतता ती शांतता, एकच द्या, सगळीकडे तीच लावते. त्यांनी माझ्या कानाला हेडफोन लावले आणि दोन शांतता ऐकवल्या. पहिली ऐकताना मला उगाच आपण मोठ्या, गार जागेत आहोत असं वाटलं. दुसरी ऐकताना बंद कपाटात शिरल्यासारखं झालं. पहिली दोह्याशेजारच्या अल वक्र्यातल्या एका जुन्या घराची होती, समुद्रातल्या दगडांच्या जाड भिंतींची. दुसरी आमच्याच मीटिंग रूमची. "आता एकच लावा," ते म्हणाले आणि चहा आणायला गेले. त्या दिवसापासून ते मला 'वैशाली' म्हणायला लागले आणि मीही त्यांच्याशी जरा जपून भांडायला लागले.

आमची दिग्दर्शक बिर्गिट. मूळची डेन्मार्कची, शिक्षणाने आर्किटेक्ट, पण इमारती बांधण्यापेक्षा बांधलेल्या इमारतींच्या गोष्टी सांगण्यात रमलेली. वक्र्यातल्या समुद्राकाठच्या जुन्या घरांवर आम्ही काम करत होतो, तेव्हाची गोष्ट. इथे झाडं नव्हती, म्हणून त्या घरांच्या छताचे वासे जहाजांतून आफ्रिकेहून आले. बिर्गिट त्या वाशांकडे बघत राहिली आणि तिने आम्हाला लेसो बेटाबद्दल सांगितलं. तिच्या देशातलं हे लहानसं बेट. तिथल्या लोकांनी खारं पाणी उकळून मीठ काढण्यासाठी बेटावरची झाडं जाळून संपवली आणि मग घर बांधायला लाकूड उरेना. तेव्हा फुटून किनाऱ्याला लागलेल्या जहाजांच्या तुळया ओढून आणून त्यांनी घरं उभी केली आणि छपरावर घातलं समुद्रात उगवणारं, लाटांबरोबर वाहून येणारं गवत. ते पिळून त्याचे दोर बायका वळायच्या, छपरं शाकारायच्याही बायकाच. गवतात मीठ मुरलेलं, त्यामुळे ते कुजत नाही, पिढ्यान्‌पिढ्या टिकतं. आता अशी घरं थोडीच उरली आहेत आणि जी आहेत ती मोठ्या निगुतीने दुरुस्त करतात.

त्यातून तो माहितीपट ठरला. डेन्मार्कच्या जुन्या इमारती, पण दोह्यातल्या माणसाला आपल्या वाटतील अशा. रीबे गावातली लाकडी चौकटींची, म्हातारपणाने कललेली घरं, चुन्याने पांढरीशुभ्र केलेली खेड्यातली चर्च, आणि शेवटी लेसोचं घर. बिर्गिट आणि खलीलभाई शूटिंगला गेले, मी इथे बसून येईल ते जोडत राहिले. परत आल्यावर खलीलभाई रीबेबद्दल एवढंच बोलले, की तिथल्या जिन्यांना तेलाची गरज आहे. लेसोबद्दल मात्र बोलताना थांबेनात. ते छप्पर माणसाच्या उंचीएवढं जाड वाटतं, खाली उभं राहिलं की बाहेरचा वारा दिसतो पण ऐकू येत नाही, आणि आपला आवाज गोधडीत शिरून बोलल्यासारखा येतो... गावी आजारी पडलं की आई गोधडीत घालायची तेव्हा असं ऐकू यायचं, म्हणाले. वाहिनीवाल्यांना त्या दृश्यांवर संगीत हवं होतं. खलीलभाई वाद घालणाऱ्यांतले नव्हते. ज्या दिवशी वाहिनीचा माणूस बघायला आला, त्या दिवशी ते नुसते माझ्या शेजारी खुर्ची ओढून बसले. त्या घराची शांतता लावून मी ते दृश्य दाखवलं. बघताना तो माणूस हळूहळू कुजबुजत बोलायला लागला, आणि मग बोलायचाच थांबला. संगीताचा विषय पुन्हा निघाला नाही. खलीलभाईंना इतकं खूश मी फार कमी वेळा पाहिलं.

पण लेसो म्हटलं की आमच्या ऑफिसात आठवायची ती वेगळीच भानगड. त्या घरात कारेन नावाच्या एक आजी राहायच्या. एकट्या, हसतमुख, आणि डॅनिशशिवाय दुसरी भाषा न येणाऱ्या. बिर्गिट बाहेर छपराचं शूटिंग करत होती आणि खलीलभाई आत स्वयंपाकघराची शांतता रेकॉर्ड करत होते. त्यासाठी त्यांनी फ्रीज बंद केला. पण बेटावर ही मंडळी आली होती बोटीने आणि फिरत होती भाड्याच्या सायकलींवर. गाडीच नव्हती, तर चावी कुठली? काम संपवून ते बोटीने परतले आणि दुसऱ्या दिवशी आजींच्या भाच्याचा बिर्गिटला फोन आला. घरच्या मेजवानीसाठी आजींनी भरून ठेवलेली मासळी सगळी गेली होती. खलीलभाईंचा चेहरा उतरला. पण ते सारखं एकच सांगत राहिले, की मी आजींना सांगितलं होतं, फ्रीज चालू करायची आठवण करा म्हणून. बिर्गिटने विचारलं, कोणत्या भाषेत? ते काही त्यांना आठवेना. सांगितलं होतं, एवढं पक्कं आठवत होतं.

विमान त्याच्या पुढच्या दिवशीचं होतं. बिर्गिट म्हणाली, फोनवर माफी मागू, फुलं पाठवू. खलीलभाई ऐकेनात. त्यांनी बंदरावर ताजी मासळी घेतली, बिर्गिटला घेऊन उलट्या बोटीने बेट गाठलं आणि भाभींनी बॅगेत घालून दिलेला मसाला काढून आजींच्या स्वयंपाकघरात कालवण शिजवलं. आजींनी डोळ्यांतून पाणी येईपर्यंत ते खाल्लं आणि वर आणखी मागितलं, असं बिर्गिट सांगते. तेव्हापासून जिथे गाडीची चावी नसेल, तिथे खलीलभाई पायातला एक बूट काढून फ्रीजमध्ये ठेवायचे. आणि आम्ही पुढची कित्येक वर्षं, कोणी काही विसरलं की, "मी आजींना सांगितलं होतं," असं म्हणून त्यांना छळत राहिलो. भाभीसुद्धा. मीठ आणायला विसरले तरी घरात तेच ऐकू यायचं. ते हसायचे आणि म्हणायचे, की इन्शाल्ला एक दिवस खरं काय ते कळेल.

त्यांचं दफन इथेच झालं. भाभी नवऱ्यामागे पाळायच्या इद्दतमध्ये आहेत, घराबाहेर पडत नाहीत, म्हणून अधूनमधून मीच वक्र्याला त्यांच्या घरी जाते. मुळूमुळू रडणाऱ्या बाई नव्हेत त्या. मी गेले की आधी खायला घालतात, मग माझ्या तब्येतीवर बोलतात. पण एकदा ताटात भाकरी वाढता वाढता थांबल्या. "वैशाली, माझा एक काम कर. त्यांचा आवाज कुठं आसंल तर बघ." मला आधी कळलंच नाही. सगळं आयुष्य आवाजात गेलं त्या माणसाचं, आवाज नसायला काय झालं? पण खरंच नव्हता. फोनवर ते निरोप टाइप करून पाठवायचे. घरच्या समारंभांच्या व्हिडिओत तेच कॅमेऱ्यामागे, आणि धंद्याची सवय अशी, की रेकॉर्डिंग चालू असताना श्वाससुद्धा अडवून धरायचे. सनाने फोन पालथे घातले होते. हाती काही लागलं नव्हतं. "चेहरा दिसतो माझ्या डोळ्यांपुढं," भाभी म्हणाल्या, "पण आवाज आठवायला गेला की सटकतो. पुढच्या वर्षी काय उरंल?" त्या वेळी मात्र त्यांचे डोळे भरले, आणि माझेही.

आधी आम्ही त्या शुक्रवारचं भाकरीचं रेकॉर्डिंग लावलं. पीठ थापण्याचा आवाज, बांगड्यांचा आवाज, आणि पहिल्यापासून शेवटपर्यंत भाभींची बडबड. बटाटे महागलेत, सना उशिरा येते, तुम्ही मधे उभे राहू नका. खलीलभाई नुसते ऐकत उभे असणार. भाभी वैतागल्या. "माझाच आवाज! माझा आवाज मला काय करायचाय?" पण मी बघत होते, आपली थापण्याची लय त्यांनाही आवडली होती. तो तुकडा त्यांनी मला पुन्हा लावायला सांगितला.

मग मी ऑफिसातल्या हार्ड डिस्क काढल्या. खलीलभाई मला देताना प्रत्येक तुकडा स्वच्छ करून द्यायचे, सुरुवातीला आपलं काही बोलणं असलं तर ते स्वतःच कापून टाकायचे. पण मूळ रेकॉर्डिंग तशीच पडून होती. त्यांत प्रत्येक शांततेच्या आधी ते एकदा बोलत, ही कुठली शांतता आहे हे कळावं म्हणून. "रूम टोन, लिव्हिंग रूम." "रूम टोन, चर्च, नो पीपल." सगळं इंग्रजीत. मी त्यातले बरेच एकत्र करून मोठ्या आनंदाने भाभींना नेऊन दिले. त्यांनी शांतपणे ऐकले, माझा हात हातात घेतला आणि म्हणाल्या, की हा ऑफिसातला माणूस आहे. हा घरी कधी आला नाही. खरंच होतं ते. मी खलास म्हणून सोडून द्यायला हवं होतं, पण माझा स्वभाव चिवट, आणि खरं सांगायचं तर मलाही ते हवे होते. शूटिंग नसलं की रोज माझ्या टेबलाशी येऊन, "काय, झालं का चहापाणी?" असं विचारणारे ते.

लेसोचं मूळ रेकॉर्डिंग अगदी शेवटी ऐकलं, कारण त्याची जागा चुकली होती. दुपार होती, बाहेर खाली ट्राम वळत होती, मी काच लावून घेतली आणि हेडफोन घातले. ते गोधडीतलं स्वयंपाकघर. फ्रीजची घरघर थांबते. मग खलीलभाई, पण ऑफिसातले नव्हेत.

"आजी, तुमचा फ्रीज बंद केलाय हां मी. चावी नाय आज माझ्याकडं. जाताना चालू करायचा हाय. तुमी आठवण करा, नायतर मी इसरन."

आजी डॅनिशमध्ये काहीतरी म्हणतात. बिर्गिटने नंतर सांगितलं, की त्या म्हणत होत्या, बसा, कॉफी ठेवते. आणि खलीलभाई, आपलं म्हणणं आजींना कळलं अशा पूर्ण समाधानाने, "हां हां, इन्शाल्ला" म्हणतात. मग जरा थांबून, आवाज अजून खाली आणून: "बरा वाटला तुमच्याकडं. घरी आल्यासारखा वाटला." आणि मग शांतता. मी ती पूर्ण ऐकली, मधे कुठेही कापली नाही. हसत होते की रडत होते, हे मला आजही सांगता येणार नाही. त्यांनी आजींना खरोखरच सांगितलं होतं. रत्नागिरीच्या बोलीत.

त्याच संध्याकाळी ऑफिसातून परस्पर वक्र्याला गेले. सना नुकतीच घरी आली होती. भाभींनी आम्हाला स्वयंपाकघरातच बसवलं, फ्रीजचं बटण बंद केलं, म्हणाल्या, मधे घरघर नको. मी टेबलावर लहान स्पीकर ठेवला. त्यांचा आवाज आला तशी भाभींनी पदर तोंडाला लावला. 'इसरन' आल्यावर मात्र त्या खुदकन हसल्या, आणि मग हसतच राहिल्या, खांदे हलायला लागले, डोळ्यांतून पाणी वाहायला लागलं. "सांगितलावता! बघ, सांगितलावता त्यांनी!" इतक्या वर्षांच्या आमच्या चेष्टेचा निकाल नवऱ्याच्या बाजूने लागल्याचा आनंद त्यांच्या चेहऱ्यावर मावत नव्हता. मग 'बरा वाटला तुमच्याकडं' आलं आणि त्यांनी पदराने डोळे पुसले. "मला कधी असा बोलले नायत," म्हणाल्या, आणि लगेच स्वतःच म्हणाल्या, की बोलायचे की, रोज जेवून उठताना. बरा झाला, म्हणायचे. रोजचंच म्हणून कान द्यायचा राहिला. सनाने ते पुन्हा लावलं. मग पुन्हा. तिसऱ्यांदा ती त्यांच्याबरोबर हळू आवाजात बोलत होती, "नायतर मी इसरन," अगदी त्यांच्याच चालीत.

भाकरी आणि तिखट कालवण खाऊन मी निघायला उठले, तर पर्समध्ये गाडीची चावी नाही. टेबलाखाली बघितलं, सोफ्याच्या फटीत हात घातला, पर्स उलटी केली. सना गालातल्या गालात हसत होती. भाभी ओट्याला टेकून माझी धांदल बघत होत्या. ज्याला जायचं असतं त्याची चावी, हा या घरातला नियमच, तो मीच कशी विसरले कोण जाणे.

"फ्रीजमध्ये बघ," भाभी म्हणाल्या.

मी दार उघडलं. आत अंधार होता. दह्याच्या भांड्याशेजारी माझी चावी होती, गार पडलेली. ती काढून घेतली आणि भिंतीवरचं बटण दाबलं. फ्रीज घरघरायला लागला. भाभींनी तो क्षणभर ऐकला, मग म्हणाल्या, "हां, आता जा."